देवयानीची बाजू

तापी नदी मध्य प्रदेशातील मुलताई येथे उगम पावते आणि सुमारे सव्वासातशे किलोमीटरांचा प्रवास करून सुरतेच्या पलीकडे समुद्रास मिळते. तिच्या मुखाशी, उत्तर तीरावर, हजीरा हे गाव आहे. एके काळी प्रकृतीस्वास्थ्यासाठी हवापालट करावयास लोक येथे येऊन राहत. आज खताचे, पोलादाचे, नैसर्गिक वायूचे मोठमोठे कारखाने आणि बंदर यांनी तो किनारा व्यापला आहे. आणि त्या कारखान्यांच्या वसाहतींतून देशाच्या सर्व प्रांतांतील कुटुंबे नांदत आहेत. त्यांत आपली मराठी आणि कोंकणी बोलणारी घरेही आहेत. गेल्या आषाढात एका दस्तऐवजाच्या कामानिमित्त मला तेथे चार दिवस राहावे लागले. उतरलो होतो तो अशाच एका नातेवाइकांच्या घरी.

आषाढ शुद्ध सप्तमी ही तापीची जयंती. सुरतेचे लोक त्या दिवशी नदीला चुनडी अर्पण करतात. वसाहतीतील आपल्या मंडळींनी त्याच संध्याकाळी कीर्तन योजिले होते. पूर्वरंगात संयमाचे विवेचन झाले आणि उत्तररंगास बुवांनी कचदेवयानीचे आख्यान लावले. बुवा रसाळ होते. कचाचे तप, त्याची गुरुसेवा, तीन वेळा पत्करलेले मरण, आणि शेवटी गुरुकन्येच्या मोहाला बळी न पडता केलेले प्रस्थान, हे सारे त्यांनी इतके रंगवून सांगितले की श्रोते डोलू लागले. देवयानीचा शाप आला तेव्हा ‘पाहा, स्त्रीहट्टाचा परिणाम!’ असे एकाने शेजारच्यास ऐकू जाईल इतक्या मोठ्याने म्हटले. मग आरती झाली, प्रसाद वाटला गेला.

मी ज्या घरी उतरलो होतो त्या घरची मुलगी तेथेच एका कारखान्यात अभियंता आहे. वय सव्वीस. तीन महिन्यांपूर्वी तिचा ठरलेला विवाह मोडला होता. साखरपुडा झाला होता, मुहूर्त निघाला होता, पत्रिका छापावयास गेल्या होत्या. आणि मुलाने, चार वर्षांच्या परिचयानंतर, आपल्याला पुढील शिक्षणासाठी परदेशी जावयाचे असून तूर्त विवाहाच्या बंधनात पडावयाचे नाही असे कळविले. घरात त्या विषयाचा उच्चार होत नसे. प्रसाद घेऊन परतताना ती माझ्याजवळ आली आणि खाली पाहतच म्हणाली, “मामा, एक विचारू? कच गेल्यावर देवयानी घरी गेली असेल ना? मग त्या रात्री ती जेवली का?”

बुवा जवळच होते. ते हसून म्हणाले, “मुली, पोथीत तसं काही नाही.” दुसरे कोणी काही बोलले नाही. मुलगीही पुढे निघून गेली. मला मात्र त्या प्रश्नाने झोप येऊ दिली नाही. वकिलीच्या धंद्यात वीस वर्षे काढल्यावर एक गोष्ट अंगवळणी पडते: ज्या प्रश्नावर सगळे हसतात तो प्रश्न एकदा कागदपत्रांशी ताडून पाहावा. म्हणून परतल्यावर मी आदिपर्व पुन्हा उघडले. आणि त्याबरोबर आपल्या नाटककारांनी व कादंबरीकारांनी देवयानीची जी रूपे उभी केली तीही पुन्हा वाचून काढली. हा लेख त्या वाचनाचा आहे.

प्रथम त्या नदीविषयीच सांगितले पाहिजे. कारण देवयानीकडे जाणारी वाट तिच्याच तीरावरून जाते. तापी म्हणजे सूर्यकन्या तपती. तिची कथा आदिपर्वातच आहे. अंगारपर्ण गंधर्व अर्जुनास ‘तापत्य’ म्हणून हाक मारतो. अर्जुन त्या नावाचा अर्थ विचारतो. तेव्हा गंधर्व त्याला त्याच्या कुळातील या पूर्वजमातेची हकीकत सांगतो. मृगयेस गेलेल्या संवरण राजाचा घोडा मरून पडला, पर्वतावर एकटा हिंडताना त्याला तपती दिसली आणि तो तिच्यावर मोहित झाला. ती अदृश्य होताच तो मूर्च्छित पडला. ती परत आली, आपलेही मन त्याच्यावर जडल्याचे तिने सांगितले, परंतु मी स्वाधीन नाही, माझ्या पित्याकडे मागणी कर, एवढे बोलून ती पुन्हा आकाशात निघून गेली. पुढे राजाने बारा दिवस सूर्याची आराधना केली, वसिष्ठांनी सूर्याकडे जाऊन मध्यस्थी केली आणि विवाह घडून आला. या कथेत विरहाचे जे वर्णन आहे ते जवळजवळ सगळे राजाचे आहे. त्याचे पडणे, त्याचे प्रलाप, अमात्याने त्याच्या कपाळावर शिंपडलेले थंड पाणी, सारे तपशिलाने येते. त्या बारा दिवसांत तपतीने काय केले हे कोणी सांगत नाही. तिची इच्छा शेवटी पूर्ण झाली म्हणून वाचकालाही ते विचारावेसे वाटत नाही.

संवरण हा पूरूच्या वंशातला. पूरू हा शर्मिष्ठेचा मुलगा. आणि शर्मिष्ठेचे नाव घेतले की देवयानीचे नाव टळत नाही. हजीऱ्याच्या किनाऱ्यावर समुद्रास मिळणारी तापी ही अशा रीतीने देवयानीच्या सवतीच्या वंशातली सून आहे. तपतीची इच्छा फळली. देवयानीची फळली नाही. म्हणून तपतीच्या बाबतीत जो प्रश्न विचारला नाही तरी चालतो तो देवयानीच्या बाबतीत विचारलाच पाहिजे: तिने त्या दुःखाचे काय केले?

मूळ हकीकत थोडक्यात अशी. देव आणि असुर यांच्या युद्धात शुक्राचार्य संजीवनी विद्येने मेलेले असुर उठवीत. देवगुरू बृहस्पतींना ती विद्या अवगत नव्हती. तेव्हा देवांनी बृहस्पतिपुत्र कचास शुक्राचार्यांकडे धाडले. धाडताना त्यांनी त्याला जे सांगितले ते नीट ध्यानात घेण्यासारखे आहे. शुक्राचार्यांची लाडकी कन्या देवयानी हिला तू आपल्या शीलाने, दाक्षिण्याने, माधुर्याने प्रसन्न करून घे, म्हणजे विद्या तुला मिळेल, असा तो आदेश होता. कच गेला. गुरूला त्याने आपले कुळ सांगितले, काही लपविले नाही. सहस्र वर्षांचे व्रत घेतले. गाऊन, नाचून, फुले आणि फळे आणून त्याने देवयानीस संतोष दिला. तीही गाणी म्हणून त्याची सेवा करी. पाचशे वर्षे गेल्यावर असुरांना त्याचा हेतू कळला आणि त्यांनी त्याला मारले. देवयानीने पित्याला सांगून त्याला उठविले. पुन्हा मारले, पुन्हा उठविले. तिसऱ्यांदा त्याची राख मद्यात मिसळून ती शुक्राचार्यांनाच पाजली.

या तिसऱ्या मरणाच्या वेळी बापलेकीचा जो संवाद झाला तो वाचताना मी थबकलो. शुक्राचार्य म्हणतात, असुर याला पुनःपुन्हा मारतात, मी तरी काय करू. तुझ्यासारखीने मर्त्यासाठी शोक करू नये. त्यावर देवयानी विचारते, ज्याचा आजा अंगिरा, ज्याचा बाप बृहस्पती, जो तपाचा ठेवा, त्याच्यासाठी मी का रडू नये? आणि पुढे सांगते की कच ज्या वाटेने गेला त्याच वाटेने मी जाईन. मी अन्न घेणार नाही. तो मला प्रिय आहे. पुढे, कचाला उठवावयाचे तर पित्याचे पोट फुटणार, हे कळल्यावर ती म्हणते की कचाचा नाश आणि तुमचा घात, हे दोन शोक मला अग्नीसारखे जाळतील.

हजीऱ्याच्या मुलीने विचारलेला प्रश्न हास्यास्पद नव्हता. देवयानी जेवली की नाही याची दखल व्यासांनी घेतलेली आहे. मात्र ती कच मेला तेव्हाची आहे. कच जिवंतपणी सोडून गेला तेव्हाची नाही.

आता निरोपाचा प्रसंग. व्रत पुरे झाले, विद्या मिळाली, कच निघाला. देवयानी त्याला आपले पाणिग्रहण करण्यास सांगते. येथून पुढचा संवाद मी वकिलाच्या डोळ्यांनी वाचला, आणि तो तसा वाचण्यासारखा आहे. कारण ती दोघे खरोखरच युक्तिवाद करतात. कच म्हणतो, तू गुरुकन्या म्हणून मला पूज्य आहेस. ती उत्तर देते, तू माझ्या पित्याच्या गुरुपुत्राचा पुत्र आहेस, माझ्या पित्याचा पुत्र नव्हेस. नाते आड येत नाही. मग ती आपल्या प्रीतीची आठवण देते: असुर तुला वारंवार मारीत होते तेव्हापासून माझे मन तुझ्यापाशी आहे हे आठव, निरपराध आणि अनुरक्त अशा मला टाकू नकोस. कच दुसरा मुद्दा काढतो: जेथे तू राहिलीस त्याच शुक्राचार्यांच्या देहात मीही राहिलो, म्हणून तू धर्माने माझी बहीण. आणि सुखाने राहिलो, आता जातो, मला निरोप दे, बोलण्याच्या ओघात कधी माझी आठवण काढ, असे म्हणून तो वाटेसाठी शुभेच्छा मागतो. ती शाप देते की तुझी विद्या तुला फळणार नाही. तो उलट शाप देतो की कोणीही ऋषिपुत्र तुझे पाणिग्रहण करणार नाही. आणि मला नाही तर मी ज्याला शिकवीन त्याला ती विद्या फळेल.

कचाचा नकार त्याच्या अधिकारातला होता, हे आरंभीच मान्य केले पाहिजे. त्याने कधी वचन दिले नव्हते. वचन असते तरी काय? साखरपुडा मोडला तर झालेल्या खर्चाचा, दिल्याघेतल्या दागिन्यांचा वाद आजही न्यायालयात नेता येतो. विवाह कर अशी सक्ती मात्र कोणतेही न्यायालय करीत नाही, आणि करूही नये. कोणाच्याही मनावर हुकूमनामा बजावता येत नाही. त्या दृष्टीने देवयानीचा दावा पहिल्याच तारखेस निकालात निघाला असता.

पण कचाचा बचाव कसा होता? १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात निषिद्ध नात्यांची जी यादी आहे तीत गुरुकन्या नाही. ते सोडा, देवयानीने त्याच काळाच्या मापाने त्याचा पहिला मुद्दा खोडून काढला होता, आणि कचाने तिच्या उत्तराला उत्तर न देता नवा मुद्दा काढला. वकिलांना ही रीत परिचित आहे. ज्याचे खरे कारण सांगण्याजोगे नसते तो पक्षकार कायद्याची कारणे एकामागून एक काढीत जातो. खरे कारण एका वाक्यात सांगता आले असते: मी विद्येसाठी आलो होतो, तुला प्रसन्न करून घेण्याची मला आज्ञा होती, आणि ती आज्ञा मी पाळली. हे वाक्य कच अखेरपर्यंत उच्चारीत नाही. कुळ त्याने सांगितले. हेतूही पुढे सर्वांना कळला. पण ती फुले, ती फळे, ती गाणी कोणाच्या सांगण्यावरून आली होती हे देवयानीला कोणी सांगितल्याचे महाभारतात कोठे आढळत नाही. भारतीय करार कायदा १८७२ चा आहे. त्याच्या सतराव्या कलमात जाणूनबुजून वस्तुस्थिती दडविणे याचा समावेश कपटात केलेला आहे. कचदेवयानींत करार नव्हता, म्हणून ते कलम येथे लागत नाही. परंतु जी गोष्ट बाजारातील व्यवहारात कपट ठरते ती अंतःकरणाच्या व्यवहारात केवळ संयम कशी ठरते, हे मला उमगत नाही.

देवयानीचे दुःख नेमके येथे आहे असे मला वाटते. नकार सोसता येतो. पाचशे वर्षांच्या गाण्यांतील कोणते गाणे आपल्यासाठी होते आणि कोणते विद्येसाठी, हे आता कधीच कळणार नाही, हे सोसवत नाही. ज्या मुलीचे लग्न मोडते तिला भविष्यापेक्षा भूतकाळ अधिक छळतो तो यामुळे.

शाप झाल्यावर व्यास काय करतात? कच स्वर्गात जातो, देव आनंदित होतात, त्याची स्तुती करतात, यज्ञात त्याला भाग देतात. पुढच्या अध्यायात देवयानी आपल्याला दिसते ती वनात, मैत्रिणींबरोबर जलक्रीडा करताना. दोहोंमध्ये काही नाही. तिसऱ्या मरणाच्या वेळी तिचा शोक शब्दाशब्दाने सांगणारा कवी येथे गप्प आहे. ज्या पित्याने तिच्या अश्रूंसाठी मेलेल्याला तीनदा उठविले त्याचाही येथे एक शब्द नाही. मृत्यूवर त्याच्यापाशी मंत्र होता, यावर नव्हता. मला ही व्यासांची चूक वाटत नाही. प्रत्यक्षात असेच घडते. घरात कोणी गेले तर दहा दिवस माणसे येतात, कोणी पिठले करून आणतो, कोणी रात्री सोबतीस झोपतो. मुलीचे मन मोडले तर दारे लोटली जातात आणि चारचौघांत तिने पूर्ववत हसावे अशी अपेक्षा असते. देवयानी हसत असेलही. जलक्रीडा करीत होती ना!

मराठी साहित्याने या रिकाम्या जागेचे काय केले हे आता पाहू. काकासाहेब खाडिलकरांचे ‘विद्याहरण’ १९१३ साली रंगभूमीवर आले आणि बालगंधर्वांची देवयानी महाराष्ट्राने डोक्यावर घेतली. खाडिलकरांची दृष्टी मद्यपाननिषेधावर होती. त्यांना या कथेत शुक्राचार्यांचा प्याला दिसला, आणि तो त्यांनी समर्थपणे दाखविला. पण नाटकाचे नावच पाहावे. या कथेत काय हरण झाले असे विचारले तर नाटक उत्तर देते, विद्या. देवयानीपासून जे हरण झाले त्याला नाव नाही. बालगंधर्वांच्या गळ्याने ते प्रेक्षकांपर्यंत पोहोचले असेल. संहितेचा भर मात्र दुसरीकडे होता.

वि. स. खांडेकरांची ‘ययाति’ १९५९ ची. १९६० चा साहित्य अकादमी पुरस्कार आणि पुढे १९७४ चा ज्ञानपीठ पुरस्कार मिळविणारी ही कादंबरी आपल्या वाचकांपैकी बहुतेकांनी वाचली असेल. खांडेकरांनी एक फार मोठी गोष्ट केली: ययाति, देवयानी आणि शर्मिष्ठा या तिघांनाही आपापली कहाणी स्वतःच्या तोंडून सांगू दिली. देवयानीला अखेर साक्षीच्या पिंजऱ्यात उभे राहण्याची संधी मिळाली. परंतु तेथे उभी राहून ती बोलते ते बहुतांशी तिच्याच विरुद्ध जाते. अहंकार, महत्त्वाकांक्षा, सूड: तिच्या जबानीतून हेच निष्पन्न होत राहते. भोगाच्या टोकाला ययाति आणि संयमाच्या टोकाला कच अशी कादंबरीची मांडणी असल्यामुळे, कचाला दोष लागेल असा प्रश्न विचारण्यास तीत वावच उरत नाही. आणि कच निर्दोष ठरला की देवयानीचे दुःख आपोआप तिचा दुर्गुण ठरते.

एकच स्थळ सांगतो. कादंबरीत ययातीच्या तोंडाला मद्याचा वास येतो आणि देवयानी अनावर संतापते. त्यातून पतिपत्नींत कायमची दरी पडते. वाचक तेथे तिला कठोर म्हणून मोकळा होतो. मीही विशीत वाचताना झालो होतो. आता तेच पान वाचताना मला दुसरे काही दिसले. ज्या मुलीच्या प्रियकराची राख मद्याच्या पेल्यात घालून तिच्या बापाला पाजली गेली, तिच्या नाकाला तो वास कसला येत असेल? खांडेकरांनी प्रसंग योजला तो अचूक आहे. पण त्या संतापाखाली जे दुःख पुरलेले आहे ते उकरून काढण्याचे काम त्यांनी वाचकावर सोडले, आणि आपण वाचकांनी ते केले नाही.

शिरवाडकरांचे ‘ययाति आणि देवयानी’ १९६६ चे. त्याचे संगीत मंगेशीत जन्मलेल्या जितेंद्र अभिषेकींचे, म्हणून आपल्या मंडळींना त्याचा विशेष अभिमान आहे, आणि तो योग्यच आहे. ती पदे आजही मैफलीत ऐकताना अंगावर रोमांच उभे राहतात. पण या नाटकाच्याही नावात देवयानी ययातीबरोबर येते. म्हणजे पत्नी म्हणून येते, तिच्या पहिल्या दुःखाची धनीण म्हणून नव्हे.

आपल्या सीमेबाहेर दोन उदाहरणे विचार करण्यासारखी आहेत. रवींद्रनाथांनी एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात ‘विदाय-अभिशाप’ हे संवादकाव्य लिहिले. त्यात फक्त दोन पात्रे आहेत, आणि प्रसंग फक्त निरोपाचा. वनातील छाया, आश्रमातील गाय, नदी यांची एकेक आठवण काढीत देवयानी कचाला बोलते करते. आणि शेवटी तिने शाप दिल्यावर कच उलट शाप देत नाही; तू सुखी होशील असा वर देतो. रवींद्रनाथांनी महाभारतातील घटना बदलली, परंतु बदलून त्यांनी मान्य केले की देवयानीला काही देणे लागत होते. दुसरे उदाहरण गिरीश कार्नाडांचे. मातृभाषा कोंकणी असलेल्या या नाटककाराने १९६१ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या कन्नड ‘ययाति’त पूरूची तरुण पत्नी चित्रलेखा ही नवी व्यक्ती निर्माण केली. पतीने बापाचे वार्धक्य घेतले तेव्हा तिला कोणी विचारले नाही. ती विष पिते. सर्वांच्या त्यागाचा हिशेब होत असताना जिचा हिशेब कोणी ठेवीत नाही अशी एक तरुण स्त्री तेथे असते, हे कार्नाडांनी नेमके हेरले.

चित्रलेखा मरते. व्हर्जिलच्या लॅटिन महाकाव्यातील कार्थेजची राणी डिडो हीसुद्धा मरते. तिचा इनिअसही देवांच्या आज्ञेने, मोठ्या कार्यासाठी तिला टाकून निघून जातो. तीही शाप देते. आणि चिता रचून तीवर देह ठेवते. जगाच्या साहित्यात टाकलेल्या स्त्रीला बहुधा हाच शेवट दिलेला आहे, आणि वाचकाला तो फार सुंदर वाटतो. मेलेली स्त्री कोणाची गैरसोय करीत नाही. देवयानी मरत नाही. कच मेला तेव्हा अन्न सोडीन म्हणणारी मुलगी कच सोडून गेल्यावर अन्न घेते, मैत्रिणींत जाते, पाण्यात उतरते. व्यासांनी हे सांगितले नाही, पण घडविले आहे. आपल्या साहित्याने तिला या जगण्याचे श्रेय कधी दिले नाही.

येथे प्रतिपक्षाचे म्हणणे ऐकले पाहिजे. देवयानीने शर्मिष्ठेला सहस्र दासींसह आपली दासी केले. ययातीला पित्याकडून अकाली वार्धक्य आणविले. ही क्रूरता नव्हे काय? आहे. मी तिचे समर्थन करीत नाही. परंतु क्रम पाहावा. इंद्राने वाऱ्याच्या रूपाने वस्त्रे एकत्र केली, त्यावरून भांडण झाले, शर्मिष्ठेने तिच्या बापाला भाट आणि भिकारी म्हटले आणि तिला विहिरीत ढकलून ती निघून गेली. ययातीने हात देऊन तिला वर काढले आणि तोही गेला. तेव्हा शुक्राचार्य धावत आले आणि त्यांनी मुलीला क्षमेचा महिमा सांगितला. ती म्हणते, क्षमा आणि क्रोध यांतील बलाबल मला कळते. पण जे आपली निंदा करतात त्यांच्यात राहणे मला रुचत नाही. हे उत्तर उद्धट नाही, विचारी आहे. मला एवढेच वाटते की क्षमेचा उपदेश करण्यासाठी जो बाप विहिरीपर्यंत आला तो त्या आधीच्या रात्रीही तिच्याजवळ बसावयास हवा होता. न ऐकलेले दुःख नाहीसे होत नाही. ते पुढच्या अपमानाच्या खात्यावर जमा होते, आणि मग वसुली भलत्याकडून होते. शर्मिष्ठेने जे भरले त्यात कचाची बाकीही होती.

हजीऱ्यातील चौथ्या दिवशीची एक आठवण सांगून लेख संपवितो. सकाळी मुलगी देवघराशी बसून रडत होती. तिची आई बावरून मला म्हणाली, “तुम्ही तरी काही समजावा.” मी सवयीप्रमाणे चार मुद्दे मनात जुळवू लागलो होतो: अजून वय आहे, नोकरी चांगली आहे, वेळेवर कळले हे बरेच झाले. तेवढ्यात कोपऱ्यात वाती वळीत बसलेली ऐंशी वर्षांची आजी म्हणाली, “तिका रडूंक दी रे बाबा. रडपय एक काम आसता.” आणि वाती तशाच टाकून ती उठली, मुलीच्या शेजारी जाऊन बसली. बोलली काहीच नाही. अर्ध्या तासाने मुलीने तोंड धुतले, डबा घेतला आणि पाळीला निघून गेली. संध्याकाळी आल्यावर तिने तो मुलगा, ती चार वर्षे, तो शेवटचा निरोप, सारे आजीला सांगितले असे मला पुढे कळले. त्यात किती दिवस गेले हे मी विचारले नाही.

शुक्राचार्यांपाशी संजीवनी होती. ही आजी त्यांच्याकडे नव्हती.

देवयानीचा थोरला मुलगा यदू. यादवांचे कूळ त्याच्यापासून. आणि त्या कुळात श्रीकृष्ण जन्मला. आपल्या देवळांतून ज्याची आरती आपण करतो तो देव अशा एका स्त्रीच्या वंशातला आहे जिला तिच्या पहिल्या माणसाने नाकारले होते. हे मी तिचे सांत्वन म्हणून सांगत नाही. वंश वाढला म्हणून तिचे ते दुःख कमी झाले असे व्यासही म्हणत नाहीत. सांगतो ते एवढ्यासाठी की ज्या शापाशी आपले कीर्तन संपते तेथे तिची कथा संपत नाही.

म्हणून आपल्या कीर्तनकार बुवांना एक विनंती आहे. हे आख्यान अवश्य लावावे, कचाच्या तपाचे कौतुकही करावे. फक्त कच दिसेनासा झाल्यावर लगेच आरतीकडे वळू नये. झांजा क्षणभर थांबवाव्यात, आणि देवयानी आश्रमात परत गेली, एवढे एक वाक्य म्हणावे. सभेत कोठेतरी मागच्या रांगेत तिची वाट पाहणारी एखादी मुलगी बसलेली असते.